गोदाकाठ पाण्यातून: मराठवाड्यात कॅनो घेऊन उतरणाऱ्या नवख्यांसाठी

मराठवाड्यात कॅनो चालवायची म्हटलं की ऐकणारा आधी हसतो. ज्या मुलखात २०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेनं पिण्याचं पाणी आणावं लागलं, तिथं नाव कशावर तरंगवणार? प्रश्न रास्त आहे. पण त्याच मुलखात सप्टेंबर २०२५ मध्ये नद्यांनी काठची शेतं मातीसकट खरवडून नेली. पाणी येतं, जातं, अडवलं जातं, सोडलं जातं. कॅनोवाल्याला हे येणं-जाणं ओळखता आलं पाहिजे. वल्हवणं त्यामानानं सोपं आहे.

ज्याला पोहता येतं, जो फार तर एखाद्या तलावावर कॅनोत बसला आहे आणि ज्याला गंगथडीची, म्हणजे गोदाकाठची गावं, घाट, देवळं पाण्याच्या बाजूनं बघायची आहेत, त्याच्यासाठी हे लिहितोय. पोहता येत नसेल तर आधी तेवढं शिका, मग पुढचं वाचा.

१. आधी नदीची मांडणी समजून घ्या

गोदावरी १,४६५ किलोमीटर लांब आहे, पण मराठवाड्यात ती सलग वाहणारी नदी म्हणून बघू नका. वैजापूर, गंगापूरकडून ती येते आणि पैठणला जायकवाडीच्या भिंतीला थटते. या धरणाची पायाभरणी १९६५ साली लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते झाली आणि १९७६ साली इंदिरा गांधींच्या हस्ते लोकार्पण. भिंतीच्या खाली जालना आणि बीड यांच्यामधून, मग परभणी, नांदेड करत ती तेलंगणात जाते. या सगळ्या वाटेवर उच्च पातळी बंधारे आहेत: आपेगाव, हिरडपुरी, जोगलादेवी, मंगरूळ, राजाटाकळी, लोणी सावंगी, ढालेगाव, मुदगल, दिग्रस. नांदेडजवळ विष्णुपुरी, आणि अगदी शेवटी धर्माबाद तालुक्यात बाभळी. प्रत्येक बंधाऱ्याच्या मागं पाणी साचतं. त्या साठ्याची शेपटी संपली की पुढं वाळू, खडक, डबकी, आणि मग पुढच्या बंधाऱ्याचं पाणी.

त्यामुळे "पैठणला बसायचं आणि नांदेडला उतरायचं" हा बेत डोक्यातून काढा. इथं नदी तुकड्या-तुकड्यानंच करायची असते. एका बंधाऱ्याचा साठा निवडा, एका दिवसात जमेल तेवढं जा, त्याच दिवशी काठाला या.

इतिहासाबद्दलही एक गैरसमज आधीच दूर करतो. सातवाहनांच्या काळी पैठणहून मालानं भरलेल्या नावा गोदेतून समुद्राला जात, असं कुणीतरी ठामपणे सांगेलच. इसवी सनाच्या पहिल्या शतकातला 'पेरिप्लस' हा ग्रीक वृत्तांत पैठण आणि तगर, म्हणजे आजचं तेर, या दोन्ही पेठांची नावं घेतो. पैठणचे मौल्यवान दगड, तगरचं कापड भडोचला जात होतं, असंही सांगतो. पण माल कशातून जात होता? गाड्यांमधून, धड रस्ता नसलेल्या मुलखातून. दख्खनची नदी चार महिने अंगावर येते आणि बाकीचे महिने पायाखाली जाते. ती लांबवर नेणारी वाट कधी फारशी नव्हतीच. ती ओलांडायची गोष्ट होती. म्हणून तिचा इतिहास सापडतो तो उतारांवर, म्हणजे नदी ओलांडायच्या जागांवर, घाटांवर, जिथं नाव लागायची त्या जागांवर. हे एकदा ध्यानात घेतलं की काठाकडं बघायची नजर बदलते, आणि तुकडा कोणता निवडायचा तेही कळायला लागतं.

२. तुकडा निवडा

नवख्यांनी नाथसागरापासून सुरुवात करू नये, हे माझं स्पष्ट मत आहे. नाथसागर म्हणजे जायकवाडीचा जलाशय. तो सुमारे ५५ किलोमीटर लांब आणि २७ किलोमीटर रुंद पसरतो. सकाळी तो आरशासारखा दिसतो आणि दुपारी वारा सुटला की त्यावर ज्या लाटा उठतात त्या उघड्या कॅनोत बसून बघायच्या नसतात. त्यात १९८६ पासून हे पक्षी अभयारण्य आहे, म्हणजे वनखात्याच्या परवानगीशिवाय पाण्यात उतरणंच चुकीचं. हा भाग नंतरसाठी ठेवा.

सुरुवातीला माजलगाव-पाथरीकडचा पट्टा बरा. पात्र रुंद असलं तरी दोन्ही काठ दिसतात, दर काही अंतरावर गाव आहे, आणि बघण्यासारखं भरपूर आहे. मंजरथला सिंदफणा गोदेला मिळते. गंगामसल्याचा भालचंद्र गणपती नदीच्या पात्रातच आहे, पूर आला की देऊळ पाण्यानं वेढलं जातं. पुरुषोत्तमपुरीला अधिकमासात जत्रा भरते हे सगळ्यांना ठाऊक असतं, पण या गावाचा जन्मदाखला उपलब्ध आहे हे फार थोड्यांना माहीत असतं: रामचंद्रदेव यादवाचा शके १२३२ चा, म्हणजे १३१० सालचा ताम्रपट. त्याच्या पुरुषोत्तम नावाच्या मंत्र्यानं इथं ब्राह्मणांना अग्रहार, म्हणजे वसतीसाठी दानात दिलेलं गाव, दिला त्याची ती नोंद आहे. पुढं सातेक वर्षांत यादवांचं राज्य संपलं. गाव राहिलं, नाव राहिलं.

गेवराई तालुक्याचा काठ ज्यांना लढायांत रस आहे त्यांच्यासाठी. राक्षसभुवनला शनीच्या दर्शनाला लोक जातात. १० ऑगस्ट १७६३ ला याच ठिकाणी माधवराव पेशव्यांनी निजाम अलीचा पराभव केला. पुस्तकात ही लढाई वाचताना तोफा आणि घोडदळ डोळ्यांपुढं येतं. पाण्यातून हा काठ बघितला की खरा डाव कळतो. श्रावण महिना, गोदेला पाणी. निजाम काही फौज घेऊन पलीकडं उतरलेला, आणि त्याचा दिवाण विठ्ठल सुंदर उरलेल्या फौजेसह अलीकडंच. नदीनं फौज मधोमध कापली होती, मराठ्यांनी अलीकडची अर्धी गाठली. विठ्ठल सुंदर मारला गेला आणि पलीकडच्यांना मदतीला येता आलं नाही. दोन काठांमधलं अंतर तुम्ही स्वतः वल्हवून पार केलंत की हे सगळं फार सोपं वाटायला लागतं. त्याच तालुक्यात पांचाळेश्वरचं आत्मतीर्थ हे महानुभावांचं स्थान गोदापात्रात आहे. तिथं यात्रेकरूंची ये-जा असते. नाव बाजूला लावा आणि पादत्राणं नावेतच ठेवा.

कायगाव-टोका हा तुकडा संभाजीनगरकरांना सगळ्यात जवळचा. अहिल्यानगरच्या रस्त्यावरचा पूल ओलांडताना उजवी-डावीकडं दिसतं तेच. इथं प्रवरा गोदेला मिळते. टोक्याच्या बाजूला पेशवेकालीन सिद्धेश्वराचं देऊळ आणि घाट आहे. १९४८ पर्यंत या दोन काठांवर दोन राज्यं होती: टोक्याकडं १९४७ पर्यंत इंग्रजी अंमल आणि नंतर स्वतंत्र भारत, कायगावकडं निजामाचं राज्य. रझाकारांच्या दिवसांत अलीकडून पलीकडं जाणं म्हणजे राज्य बदलणं होतं. आज पुलावरून दीड मिनिटात हद्द ओलांडतो आणि कळतही नाही. जायकवाडी भरलेली असताना इथवर फुगवटा, म्हणजे धरणाचं मागं साचलेलं पाणी, येतो, म्हणून अभयारण्याची हद्द कुठून सुरू होते ते आधी वनखात्याकडं विचारून घ्या.

पैठणच्या खाली आपेगाव बंधाऱ्याचा भाग छोटा आणि सोयीचा. एका दिवसात पैठणचा नाग घाट, नाथांचं समाधी मंदिर आणि खाली ज्ञानदेवांच्या पूर्वजांचं आपेगाव असं जमतं. फाल्गुन वद्य षष्ठीच्या सुमाराला मात्र जाऊ नका. एकनाथ महाराजांनी १५९९ साली याच दिवशी गोदेत देह ठेवला, नाथषष्ठीला लाखो वारकरी येतात आणि घाटावर मुंगीला वाट नसते.

गंगाखेडला जनाबाईंचं गाव म्हणून जा. नांदेडला इतिहास भरपूर, पाणी मात्र शहराखाली घाण. तिथं विष्णुपुरीच्या साठ्यात, शहराच्या वरच्या अंगाला राहा. काळेश्वराच्या देवळाजवळून उतरता येतं. नंदगिरी किल्ला, नगीना घाट, बंदा घाट हे पायी फिरून बघा. १७०८ साली गुरू गोविंदसिंग आणि माधोदास बैरागी, म्हणजे पुढचे बंदासिंग बहादूर, यांची भेट याच काठावर झाली.

मांजरा, तेरणा, दुधना या नद्यांवर सलग अंतर फारसं मिळत नाही. तेरला जायचं ते तेरणेत वल्हवायला नाही, गोरोबाकाकांच्या दर्शनाला, त्रिविक्रमाचं विटांचं देऊळ बघायला आणि रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालयासाठी. नळदुर्गला बोरी नदीवर दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात १६१३ साली बांधलेला बंधारा आणि त्याच्या पोटातला पाणीमहाल आहे. तिथं कॅनोचा विचारही नको. पावसाळ्यात नर-मादी धबधबे सांडताना काठावरून बघा.

३. पाणी किती, कधी आणि कुणाच्या हातात

चांगले महिने ऑक्टोबरअखेर ते जानेवारी. पावसाळा संपता संपता बंधाऱ्यांचे दरवाजे टाकतात आणि साठे भरतात. फेब्रुवारीपासून उपसा वाढतो, पाणी उतरतं, कडेला गाळ उघडा पडतो. मार्चनंतर परभणीचं ऊन हेच पुरेसं कारण आहे घरी बसायला. जून ते सप्टेंबर नदीत नाव घालायचीच नाही, पाऊस पडला नसला तरी नाही. वर नाशिकला पाऊस झाला की इथं कोरड्या आभाळाखाली पाणी येतं.

'विसर्ग' हा शब्द पाठ करा, म्हणजे धरणातून खाली सोडलेलं पाणी. अमुक इतका क्युसेक विसर्ग सुरू, अशी बातमी आली की बेत रद्द. २००६ च्या ऑगस्टमध्ये जायकवाडीतून सोडलेलं पाणी पैठण शहरात शिरलं होतं. ते वर्ष काठच्या गावांत अजून तारखेसारखं सांगतात. हिवाळ्यातही खालच्या बंधाऱ्यांसाठी वरून पाणी सोडतात आणि रात्रीतून पातळी चढते. म्हणून वाळूच्या बेटावर तंबू ठोकायचा नाही, कितीही छान दिसलं तरी.

बाभळीचं गणित वेगळं. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालानुसार १ जुलै ते २८ ऑक्टोबर या बंधाऱ्याचे दरवाजे उघडे ठेवावे लागतात. त्यामुळे धर्माबादकडं जायचं तर नोव्हेंबर उजाडू द्या, आणि दरवाजे टाकल्यावर खरंच किती पाणी अडलं ते विचारून मगच निघा.

४. परवानगी आणि कागदपत्रं

इथं लोक दोन टोकं गाठतात. एक तर कुणालाच न विचारता उतरतात, नाही तर महिनाभर फायली फिरवत बसतात. मधला रस्ता असा:

धरण किंवा बंधाऱ्याच्या साठ्यासाठी जलसंपदा विभागाच्या स्थानिक शाखा कार्यालयात लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. ही कामं गोदावरी मराठवाडा पाटबंधारे विकास महामंडळाकडं येतात, पण तुम्हाला भेटायचं आहे ते त्या बंधाऱ्याच्या शाखा अभियंत्याला. दरवाजे कधी हलणार हे त्यालाच माहीत असतं, आणि कागदापेक्षा ती माहिती मोलाची आहे. नाथसागरासाठी वन्यजीव विभागाची परवानगी वेगळी. ती तोंडी चालत नाही.

पोलीस ठाण्यात एक माहितीपत्र द्या आणि ज्या गावातून उतरणार, जिथं निघणार, तिथल्या पोलीस पाटलांना फोन करा. हे टाळू नका. काठावर अनोळखी माणसं, मोठ्या पिशव्या, विचित्र आकाराची नाव असं दिसलं की गावात शंका येणारच. साठ्यात मासेमारीचा ठेका एखाद्या मच्छीमार सहकारी संस्थेकडं असतो. तिच्या अध्यक्षांना सांगितलं की जाळी कुठं टाकलीत तेही कळतं.

सोबत ठेवायचं: आधारच्या दोन प्रती, अर्जाची पोच, प्रत्येकाचं नाव, रक्तगट आणि घरचा नंबर लिहिलेला कागद, उतरायची आणि निघायची वेळ लिहिलेला मार्ग. याच कागदाची एक प्रत घरी. ११२ आणि १०८ हे नंबर पाठ असतातच, पण काठावर रेंज नसते, म्हणून घरच्यांना सांगून ठेवा: अमुक वाजेपर्यंत फोन आला नाही तर पोलीस पाटलांना फोन लावा.

ड्रोन नेऊ नका. धरणाच्या भिंतीचे, दरवाज्यांचे फोटो काढू नका. यावरून अडवलं गेलं तर चूक तुमचीच.

५. नाव आणि सामान

दोघांची फायबर किंवा प्लॅस्टिकची कॅनो पाण्यात उत्तम चालते, पण ती गाडीच्या टपावर बांधून, मग घाटाच्या पायऱ्यांवरून खाली न्यायला चार माणसं लागतात. त्यामुळे पहिल्या वर्षी हवा भरायची चांगल्या जाडीची कॅनो घ्या किंवा भाड्यानं मिळवा. घडी करून जीपच्या मागं मावते. बाभळीचा काटा हा तिचा खरा शत्रू. काठाला लागताना आधी उतरा, मग नाव उचला, ओढू नका. ठिगळाचं सामान आणि पंप बरोबर हवाच.

बाकी यादी:

– प्रत्येकाला मापाचं लाइफ जॅकेट, पट्टे आवळून. बसायला गादी म्हणून वापरायचं नाही.
– वल्ही, आणि एक जादाचं.
– पंधरा-वीस मीटर तरंगणारी दोरी, शिट्टी, पाणी उपसायला डबा.
– धारदार चाकू, जाळ्यात अडकल्यास कापायला. कुठंही हाताशी येईल असा बांधलेला.
– फोन आणि कागदांसाठी पाणी न शिरणारी पिशवी.
– माणशी चार लिटर पिण्याचं पाणी. नदीचं पाणी उकळूनही पिऊ नका. शेतातली औषधं उकळून जात नाहीत.
– टोपी, पूर्ण बाह्यांचा सदरा, बंद बूट. चपला गाळात राहतात.
– भाकरी, ठेचा, गूळ-शेंगदाणे. बिस्किटांवर दिवस निघत नाही.

६. उतरण्याआधी काठाजवळ सराव

कंबरभर पाण्यात तासभर घालवा. मुद्दाम नाव उलटवा, तिला धरून राहा, सुलटी करा, चढा. हे थंड डोक्यानं जमल्याशिवाय पुढं जायचं नाही.

वल्हं हातानं नाही, कमरेतून ओढायचं. दोघांनी दोन बाजूंनी, एका तालात. दिशा मागचा सांभाळतो: फटका संपताना पातं बाहेरच्या अंगाला जरा वळवलं की नाव सरळ राहते. गुडघ्यावर बसलात तर तोल चांगला राहतो. उभं राहून फोटो काढायचा मोह होईल, तो आवरा.

सकाळी सातला पाण्यात, अकरापर्यंत बहुतेक अंतर पार. दुपारी वारा वाढतो. जाताना वाऱ्याविरुद्ध आणि येताना वाऱ्याबरोबर असा बेत आखला तर दमलेल्या अंगाला बरं पडतं. काठापासून फार आत जायचं कारण नाही. बघायचं सगळं काठावरच आहे.

७. पाण्यातले सापळे

बंधारा. वरून येताना तो पाण्यावर एक सरळ रेघ दिसतो, धोका दिसत नाही. दरवाज्याची फट उघडी असेल तर ओढ आतून असते. भिंतीवरून पाणी सांडत असेल तर खाली जो भोवरा उठतो तो नाव आणि माणूस दोघांना तिथंच घोळत ठेवतो, पट्टीच्या पोहणाऱ्यालाही. अर्धा किलोमीटर अलीकडंच काठाला लागा. दुसऱ्या बाजूला जायचं असेल तर नाव उचलून, रस्त्यानं, बऱ्याच खाली. दुधना, सिंदफणा, मांजरेवरच्या कोल्हापुरी बंधाऱ्यांनाही हेच लागू. लहान दिसतात म्हणून सवलत नाही.

वाळूचे खड्डे. गोदेतून इतकी वाळू उपसली गेली आहे की गुडघाभर पाण्यात चालता चालता पुढचं पाऊल दोन पुरुष खोलीत पडतं. गावची पोहणारी पोरं यातच जातात. नावेतून उतरून ओढत न्यायची वेळ आली तर वल्ह्यानं पुढचा तळ चाचपडत चला, लाइफ जॅकेट अंगात ठेवून. आणि वाळूचे तराफे, ट्रॅक्टर दिसले तर बघू नका, विचारू नका, कॅमेरा काढू नका. सरळ पलीकडच्या काठानं निघून जा.

विजेच्या मोटारी. हा धोका बाहेरून आलेल्यांना माहीतच नसतो. काठावर ओळीनं मोटारी असतात, त्यांच्या केबल पाण्यातून, झुडपांतून गेलेल्या, जोड चिकटपट्टीचे. मोटार आणि पाइप दिसला की पाण्यात हात-पाय घालायचे नाहीत, तिथं नाव लावायची नाही. रात्री लाइटची पाळी असेल तर पहाटेपर्यंत मोटारी चालूच असतात.

जाळी. तरंगणारे थर्माकोलचे तुकडे किंवा रिकाम्या बाटल्या ओळीनं दिसल्या म्हणजे खाली जाळं आहे. वळसा घाला. वल्हं अडकलं तर झटका देऊ नका, नाव उलटते. जाळं कापावंच लागलं तर मालक शोधून पैसे द्या. एका जाळ्यात त्याचा आठवड्याचा बाजार असतो.

जलपर्णी आणि बेशरम. जलपर्णीचा हिरवा गालिचा वाऱ्यानं सरकतो. सकाळी मोकळी असलेली वाट दुपारी बंद झालेली सापडते. त्यात नाव घुसवू नका. काठच्या बेशरमाच्या झुडपात साप आसऱ्याला असतात.

गाळ. पाणी उतरलं की कडेला वरून वाळलेला, आतून लोण्यासारखा गाळ राहतो. मांडीपर्यंत रुतलात तर आडवे व्हा, वल्हं आडवं टाकून त्यावर भार द्या. उतरायला घाट, खडक किंवा जनावरं पाण्यावर येतात ती वाट शोधा. म्हशीचं वजन पेललं तिथं तुमचं पेलतंच. गाळपेर केलेल्या शेतातून मात्र चालू नका. ती जमीन मोकळी दिसली तरी कुणीतरी त्यात हरभरा टाकलेला असतो.

मगरीबद्दल प्रत्येक गावात वेगळं उत्तर मिळतं. मासेमाऱ्याला विचारा आणि तो म्हणेल ते माना.

८. काठावर उतरल्यावर

गंगथडीच्या बहुतेक गावांनी आता नदीकडं पाठ फिरवली आहे. डांबरी रस्ता दुसऱ्या बाजूनं आला, बसथांबा, दुकानं, शाळा तिकडं गेली. गाडीनं गेलात तर तुम्ही गावात मागच्या दारानं शिरता. घाटाच्या पायऱ्या, वेशीची कमान, देवळाचं तोंड, गढीचा बुरूज हे सगळं पाण्याकडून येणाऱ्याला दिसावं असं रचलेलं आहे. कॅनोतून हीच बाजू समोर येते. म्हणून घाईनं पायऱ्या चढू नका. आधी काठापासून पन्नास-शंभर फुटांवर पाण्यात थांबून गाव बघा. पायऱ्या कुठं झिजल्यात, कुठली ओळ नंतरच्या दगडाची आहे, नाव बांधायला कडी किंवा भोक असलेला दगड कुठं आहे.

घाटावर बायका धुणं धूत असतील किंवा अंघोळीला आल्या असतील तर दूर लावा, कॅमेरा पिशवीत. दहाव्याचे विधी चालू असतील तर वल्हं थांबवा आणि पलीकडनं जा.

मग पारावर बसलेल्या म्हाताऱ्यांना रामराम घाला. "मामा, इथला इतिहास सांगा" असं विचारलंत तर ते तुम्हाला शाळेच्या गुरुजींकडं पाठवतील. त्याऐवजी हे विचारा: "मामा, पूल व्हायच्या आधी पल्याड कुठून जात होता?" या एका प्रश्नानं सगळं उघडतं. उतार कुठं होता, नाव कुणाची होती, भोई-कोळ्यांची कोणती घरं नाव चालवायची, त्यांना सुगीला किती धान्य मिळायचं, वऱ्हाड अडकलं होतं ते साल, रझाकारांच्या वेळी कोण रात्री उतरून पलीकडं गेलं. पल्याडच्या गावाशी सोयरिकी किती आहेत ते विचारा. जिथं उतार होता तिथं सोयरिकी असतात. दुसरा प्रश्न: "२००६ चं पाणी कुठवर आलतं?" ते तुम्हाला भिंतीवरची खूण हात लावून दाखवतील. आता त्याच्याजवळ २०२५ चीही असेल.

ऐकलेलं आणि तपासलेलं वेगळं लिहा. प्रत्येक जुनं देऊळ पांडवांनी एका रात्रीत बांधलेलं असतं आणि प्रत्येक भुयार देवगिरीला निघतं. ते ऐकायचं, हसायचं नाही, वहीत 'सांगोवांगी' म्हणून टिपायचं. तपासायला पैठणचं बाळासाहेब पाटील संग्रहालय, जिल्हा गॅझेटियर, आणि गावातल्याच शिलालेखाचा फोटो.

आणि एक कडक सूचना. पैठणसारख्या ठिकाणी पावसानं काठ ढासळला की मणी, खापरं, कधी नाणी वर येतात. उचलू नका. पुरलेलं धन सापडल्यास जिल्हाधिकाऱ्यांना कळवण्याचा १८७८ चा कायदा अजून लागू आहे, पुरावस्तूंसाठी १९७२ चा वेगळा. त्याहून मोठी अडचण अशी की जागेवरून हललेला मणी काहीच सांगत नाही. जागेवरच फोटो काढा, शेजारी पेन ठेवून, आणि संग्रहालयाला कळवा. घाटावर कुणी 'सातवाहनांचं नाणं' विकायला आला तर नमस्कार करून निघा.

मुक्काम करायचाच तर देवळाच्या सभामंडपात किंवा शाळेच्या ओट्यावर, सरपंचांना विचारून. जेवायला कुणी बोलावलं तर जा. पैसे देऊ केलेत तर राग येतो. पोरांसाठी वह्या किंवा देवळाच्या पेटीत काही टाकलं तर चालतं.

९. परतल्यावर

पाण्याबाहेर आलात की सगळ्यात आधी पोलीस पाटलांना आणि बंधाऱ्यावरच्या कर्मचाऱ्याला "निघालो" असा फोन. हे विसरलं की रात्री दहाला कुणीतरी बॅटरी घेऊन काठावर तुम्हाला शोधत फिरतो, आणि पुढच्या वेळी त्या गावात परवानगी मागायला तोंड राहत नाही.

नाव आणि वल्ही काठावरच साफ करा. जलपर्णीचा बोटभर तुकडा सांदीत राहिला तरी दुसऱ्या साठ्यात जाऊन तो वाढतो. विष्णुपुरीतून आलेली नाव न धुता येलदरीत घालू नका. घरी गेल्यावर नळाच्या पाण्यानं धुऊन, सावलीत पूर्ण वाळवून मगच घडी करा. दोऱ्या वेगळ्या वाळवा. लाइफ जॅकेटचे पट्टे आणि शिवण तपासा, ठिगळं त्याच आठवड्यात लावा, आणि शाखा अभियंत्याचा नंबर पुढच्या हंगामासाठी वहीत उतरवताना शेजारी बंधाऱ्याचं नावही लिहा. त्यांच्या बदल्या होतात.